साडेआठ

पहिल्या चार घरांत खोली
फोनवर रिकामी होती,
मी दारात पोचेपर्यंत दिली गेलेली.
पाचवं घर खामल्यात, उमाठेकाकूंचं.
त्यांनी मला पायांपासून वर वर पाहिलं
आणि केसांपाशी थांबल्या.
"हे धुतेस कशी वं तू?"
मग नाव विचारलं.
त्सेहाय.
म्हणजे?
म्हणजे सूर्य.
"बाप्पा! एक आहे तोच सोसवत नाही,"
म्हणाल्या, आणि किल्ली दिली.
तिसऱ्या दिवशी मी सई झाले.

मे महिना होता.
नळ आठला येतो, एवढंच सांगितलेलं.
आमच्याकडे दिवस उगवला की मोजायला घेतात:
उन्हाचा पहिला तास संपला की एक,
आठ म्हणजे भर दुपार, जेवणं उरकलेली.
इथलं घड्याळ मनगटावर होतं,
तिकडचं हाडांत.
मी दुपारी दोनला बादली घेऊन उतरले.
नळाला हात लावला तर बोटं भाजली.
गल्लीत कुत्रंसुद्धा नव्हतं,
नुसती कूलरची घरघर, ओल्या वाळ्याचा वास
आणि खिडकीतून काकू:
"काऊन वं, मरायला निघून राहिली का?"

दुसऱ्या सकाळी त्यांनी माझ्या हातात कांदा ठेवला.
मी तो चिरून अंड्यात घातला.
ऊन लागू नये म्हणून तो खिशात ठेवायचा असतो
हे कळलं तेव्हा ताटली पुसून झाली होती.
आता वर्धा रोडच्या संस्थेत, ग्रंथालयात,
बोंडअळीच्या जाड अहवालांशेजारी
माझ्या पिशवीत एक कांदा असतो.
कोणी हसत नाही.
त्यांच्याही पिशव्यांत असतो.

पुस्तकातून शिकलेली मराठी इथे अर्धीच चालते.
सांबार मागितला तर कोथिंबिरीची जुडी मिळते.
आणि प्रत्येक क्रियापद राहतं:
खाऊन राहिली, झोपून राहिली,
जाणारासुद्धा जाऊन राहतो.
मी ऑटोवाल्याला विचारलं,
दादा, जाताय की राहताय?
"जाऊन तं राहिलो, मॅडम. बसा."

तान्ह्या पोळ्याला शेजारचा मुलगा
लाकडी बैल ओढत आला, एक चाक मोडलेला.
दहा रुपये घेतले.
मग आधी बैलाला माझे केस हुंगवले
आणि नंतर स्वतः हात लावून पाहिला.
आमचं नवं वर्ष त्याच सुमारास येतं.
मी गच्चीवर शेगडी पेटवून कॉफीच्या बिया भाजल्या,
काळा, गोड धूर चार घरांवरून गेला,
समोरून कोणीतरी ओरडलं,
"उमाठेबाई, मोटर जळून राहिली तुमची!"
काकू वर आल्या, बसल्या.
पहिल्या कपाला तोंड वाकडं,
दुसऱ्याला साखर मागितली.
तिसरा आशीर्वादाचा असतो, मी म्हटलं.
"मग अर्धाच दे. लय कडू आहे तुमचा आशीर्वाद."

काल रात्री आईचा फोन आला, गोंदरहून.
किती वाजले गं तिकडे?
घड्याळ न बघता म्हणाले, साडेआठ.
ती गप्प झाली.
तिच्या रात्रीच्या साडेआठला
कोंबडासुद्धा झोपेत असतो,
रात्र निम्म्याहून जास्त सरलेली.
तिच्यामागे सांजेची भांडी वाजत होती,
कोणीतरी चुलीत लाकूड सारलं.
"एवढी लांब कधी गेलीस?" ती म्हणाली.

अडीच, एवढंच म्हणायचं होतं.
पण त्यासाठी मला
मनात वजाबाकी करावी लागली
आणि तेवढ्यात खालून हाक आली,
"सई, काय करून राहिली वं?"
बोलून राहिली, काकू.

कोण आहे? आईनं विचारलं.
कोणी नाही, घरमालकीण. जेवायला बोलावतायत.

या वेळी? आई म्हणाली.